खंडेनवमीला उचललेला कोयता

गोव्याला जाऊन आले म्हटल्यावर आमच्या मिरजेच्या गल्लीत ज्याने त्याने एकच विचारलं, "समुद्र कसा होता?" अहो, समुद्र मी पाहिलाच नाही! माझा गोवा डिचोलीच्या बाजारात सुरू झाला आणि पेडणे तालुक्यातल्या इब्रामपूर गावात एका लोहाराच्या अंगणात संपला. तरी असा दसरा उभ्या जन्मात केला नव्हता, म्हणून हे लिहायला बसले.

आधी मी कोण ते सांगते, कारण सगळा घोळ त्यातूनच झाला. मी न्यायवैद्यक शास्त्राची डॉक्टर. ज्यांना औषधाचा काही उपयोग उरलेला नाही, ते माझे पेशंट. जखम बघायची, मोजायची आणि कोर्टात जाऊन सांगायचं की ही अमुक हत्याराने झाली असावी. निवृत्त झाल्यावर इतर बायका भजनी मंडळात गेल्या, मी पुस्तक लिहायला घेतलं. विषय: जगभरात माणूस माणसाला कशाने मारतो. लिहिता लिहिता मला एकच गोष्ट पुन्हा पुन्हा दिसली. खून करणारा बहुतेक वेळा हत्यार शोधायला जातच नाही. हाताशी असेल ते उचलतो. अमेरिकेत घरात पिस्तूल असतं, मग पिस्तूल. इंग्लंडात स्वयंपाकघरातली सुरी. उसाच्या मुलखात, मग तो आमच्या कृष्णाकाठचा असो की पार ब्राझीलचा, कोयता. आणि रहस्यकथांतलं ते विष? ते पुस्तकांतच जास्त.

तर आमचा निखिल, माझ्या भावाचा मुलगा, कोल्हापुरात इंजिनिअरिंग करताना इब्रामपूरच्या वैदेहीच्या प्रेमात पडला. मुलगी मेकॅनिकलची, आता डिचोलीच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला. दोघांचं ठरलंय, आमच्या घरचं ठरलंय, फक्त मुलीचे वडील काही केल्या हो म्हणेनात. नाहीही म्हणेनात! सहा महिने नुसतं "बघूया" चाललेलं. शेवटी त्यांनीच दसऱ्याला घरी बोलावलं. भावाचा गुडघा नुकताच बदललेला, वहिनी त्याच्या उशाशी. म्हणून मला धाडलं. "तू बोलघेवडी आहेस, तू जमवून आणशील," असं म्हणून धाडलं, हे लक्षात ठेवा.

आंबोली घाट उतरताना निखिलने गाडी बाजूला घेतली. समोर धुकं, खाली हिरवागार कोकण. मला वाटलं, पोराला निसर्ग दाखवायचाय.

"आत्या, हात जोडतो. तिथं खुनाचं एक अक्षर काढू नकोस."

"मी कशाला काढतेय?"

"तू मागच्या दिवाळीत किसणीने काय काय होऊ शकतं ते फराळाला सांगत होतीस."

"बरं, बरं."

"वैदेहीच्या बाबांना तो विषयच चालत नाही. बातम्यांत खून आला तरी उठून जातात. का, ते ती सांगत नाही. मी त्यांना तू मोठ्या हॉस्पिटलात डॉक्टर होतीस एवढंच सांगितलंय."

"आणि ते काय करतात?"

निखिलने गाडी सुरू केली. "लोहारकाम. कोयते बनवतात," तो म्हणाला. देवा रे! कोयते बनवणाऱ्याच्या घरी दोन दिवस राहायचं आणि मी तोंड बंद ठेवायचं!

डिचोली, अष्टमीची दुपार

वैदेही आम्हाला डिचोलीच्या बाजारात भेटली. सावळी, उंच, केसांचा बुचडा आणि हातात तीन पिशव्या. वाकून नमस्कार केला आणि लगेच म्हणाली, "आत्या, गाडीत जागा आहे ना? आज सगळा बाजार न्यायचाय. उद्या आमच्याकडे सुरी चालत नाही."

मला काही उमगेना. मग तिने चालता चालता सांगितलं. खंडेनवमीला हत्यारांची पूजा आपल्याकडेही करतात, पण ह्यांच्या घरात पूजेला मांडलेलं हत्यार दसऱ्याच्या पूजेपर्यंत झोपलेलं मानतात. कोयता, सुरी, विळी, कुऱ्हाड, काही म्हणून उचलायचं नाही. म्हणून चिरण्याकापण्याचं सगळं अष्टमीलाच उरकून ठेवायचं.

"आणि नारळ?" मी विचारलं. गोव्यात आलेय तर एवढी काळजी हवीच.

"नारळ खवायची आडोळी पण झोपते. आईने आजच खवून फ्रिजमध्ये डबे भरलेत." आडोळी म्हणजे आपली विळीच, पुढे खवणी असलेली.

डिचोलीचा बाजार झेंडूने पिवळाधमक झाला होता. इथे झेंडूला रोजां म्हणतात. पितळी समया उन्हात झळकत होत्या. एक मी उचलली, रिकाम्या हाताने कसं जायचं! फळवाल्याशी घासाघीस करायला मी मिरजेच्या पद्धतीने तोंड उघडलं, तर त्या माणसाने शांतपणे मला एक केळं सोलून दिलं आणि म्हणाला, "खावन पळय, मागीर झगड." म्हणजे आधी खाऊन बघ, मग भांड. खाल्ल्यावर झगडायला तोंड कुठलं राहतंय? वेलचीसारखी बारीक केळी, मधासारखी गोड.

रस्त्यात एके ठिकाणी जमिनीवर पोतं पसरून कोयते मांडले होते. माझे पाय आपोआप थांबले. सह्याद्रीच्या वरचा कोयता आणि खालचा कोयता ह्यांत केवढा फरक! आमचा उसाचा, सरळ, रुंद. इथला नारळवाल्याचा, टोकाला आत वळलेला, कमरेच्या आकडीत अडकवायचा. म्हणजे घाव बसला तर तो...

निखिल असा खोकला की शेजारची फुलवाली त्याला पाणी द्यायला उठली. मी मुकाट पुढे निघाले.

संध्याकाळी डिचोलीहून इब्रामपूरकडे निघालो. खाणींच्या भागात रस्त्याकडेची माती अजून लाल, मग हळूहळू हिरवं सुरू झालं. भात पिवळं पडायला लागलेलं, मधे मधे सुपारीच्या बागा. आमच्याकडे शेत म्हणजे डोळा पोचेल तिथवर सपाट. इथे शेताला डोंगर मांडीवर घेऊन बसलाय. मला फार आवडलं, मी दोनदा गाडी थांबवायला लावली.

इब्रामपूर, तीच संध्याकाळ

रामनाथ मेस्त, म्हणजे वैदेहीचे वडील, फाटकाशी उभे होते. मेस्त म्हणजे इथे कारागीर. गावात त्यांना सगळे त्याच नावाने हाक मारतात. साठीचे, किडकिडीत, पण मनगटं अशी की मी नमस्काराच्या निमित्ताने दोनदा बघितली. "येवा, येवा बाई. वाट बरी गावली मगो?" एवढं बोलले आणि गप्प. त्यांच्या बायको सुलभाताई मात्र माझ्याच जातकुळीतल्या. पायांवर पाणी घातल्यापासून त्यांनी जी बोलायला सुरुवात केली ती ताटं वाढेपर्यंत. भाषा अर्धी मराठी, अर्धी कोकणी, आणि घाई झाली की सगळीच मालवणीच्या अंगाने जाणारी. मला सगळं कळत होतं.

जेवायला खतखतें. नाव ऐकून हसू आलं, पण चव बघितल्यावर हसू पळालं. सुरण, कणगी, मुळा, कच्ची केळी, शेंगा, जे जे मिळेल ते, त्यात खोबऱ्याचं वाटण आणि तिरफळाचा तो जिभेला झिणझिण्या आणणारा झटका. सोबत उकड्या तांदळाचा भात. आमच्याकडे भात शेवटी दोन घास, इथे भातच पहिला आणि भातच शेवटचा. मी तिसऱ्यांदा वाढून घेतलं तेव्हा सुलभाताई खूश झाल्या. "बरां जेवतात गो बाई, बरां जेवतात!" असं मुलीला दोनदा सांगितलं. मला वाटलं, झालं, लग्न जमलं.

पण रामनाथांनी लग्नाचा विषय काढला नाही. निखिलने एकदा घसा खाकरून "बाबा, आम्ही म्हणत होतो..." म्हणून सुरुवात केली, तर ते "उद्या नवमी, लवकर उठपाचा आसा," म्हणून उठलेच. वैदेहीने ताटातल्या भाताकडे बघत मान खाली घातली. तिच्या डोळ्यांत पाणी आलेलं मी बघितलं आणि मला त्या माणसाचा राग आला. इतकी गुणी पोर, का झुलवतोय हा तिला?

इब्रामपूर, खंडेनवमी

सकाळी भोंग्याच्या पों-पों आवाजाने जाग आली. सायकलवरून पोदेर आला होता, पाववाला. गरम उंडे घेतले. उंडा म्हणजे वरून कडक, आत मऊ असा गोल पाव. तो सुरीने कापायचा प्रश्नच नव्हता, हातानेच तोडायचा आणि अळसांद्यांच्या, म्हणजे चवळीसारख्या कडधान्याच्या, पातळ भाजीत बुडवायचा. मी चार खाल्ले. निखिल मोजत होता, मोजू दे.

मग लोहारसाळेत पूजा. भाता बंद, भट्टी सारवलेली, ऐरणीला हळदकुंकू. खाली केळीच्या पानांवर हत्यारं ओळीने झोपवलेली. कोयते, विळे, कुऱ्हाडी, पिकास, हातोडे, सांडशा. घरची आडोळी. सुलभाताईंची कात्री, आणि काय सांगू, मिक्सर! मिक्सरच्या भांड्याला पण कुंकू आणि रोजांची माळ. "तेका पाती आसा मां?" सुलभाताई म्हणाल्या. पातं आहे म्हटल्यावर तोही झोपला पाहिजे, बरोबरच आहे. वैदेहीने आपला लॅपटॉप आणि पान्यांचा संच ठेवला. निखिलने गाडीचा जॅक आणला. अंगणात स्कूटरला माळ.

"बाई, तुमचा पण हत्यार ठेवा," रामनाथ म्हणाले. "डॉक्टरांका काय, स्टेथोस्कोप आसतलो."

स्टेथोस्कोप मी शेवटचा कधी धरला ते मलाच आठवेना. पर्स चाचपली आणि माझी मोजायची स्टीलची छोटी पट्टी काढून ठेवली. वर्षानुवर्षं ती माझ्याबरोबर असते. रामनाथांनी तिच्याकडे कुतूहलाने बघितलं.

पूजा झाली. आरती झाली. सगळे प्रसादाच्या गडबडीत. आणि माझी नजर पडली शेवटच्या कोयत्यावर. नवाकोरा, फणसाच्या लाकडाची मूठ, आणि धार अशी की पात्याची कड कुठे संपते आणि हवा कुठे सुरू होते ते कळू नये. बाई, मी आयुष्यात शेकडो पाती बघितली, पण ती सगळी बोथटलेली, गंजलेली, पंचनाम्याच्या चिठ्ठ्या लावलेली. असं ताजं, देखणं पातं मी पहिल्यांदा बघत होते. माझा हात कधी गेला मला कळलंच नाही. डाव्या हातात कोयता, उजव्या हातात पट्टी. पात्याची पाठ मोजली, कड उजेडात धरली, आणि तोंडातून सवयीने निघून गेलं:

"वा! काय धार आहे. हा बसला तर हाडापर्यंत स्वच्छ जाणार, कडेला चिंधीसुद्धा दिसायची नाही जखमेला."

अंगणातल्या कोंबड्या तेवढ्या बोलत होत्या. 

"ता उचलूचा नसता गो बाई," सुलभाताई हळूच म्हणाल्या. निखिलने कपाळाला हात लावला. रामनाथांचा चेहरा पांढराफटक. त्यांनी मला विचारलं, अगदी खालच्या आवाजात, "तुमी खंयचे डॉक्टर?"

आता लपवून काय करणार? सांगून टाकलं. मढी बघणारी डॉक्टर. खुनाच्या जखमा बघणारी. त्यांनी ऐकलं, खांद्यावरचा पंचा झटकला आणि फाटक उघडून नदीच्या वाटेने निघून गेले.

वैदेही रडली नाही, पण तिने निखिलकडे बघितलंही नाही, आणि ते मला जास्त लागलं. मी कोयता तसाच हातात धरून उभी, ठेवावा की धरावा ते कळेना. सुलभाताईंनी तो माझ्या हातातून घेतला नाही. "तुमीच ठेवा," म्हणाल्या. "निजलेला हत्यार जो उठयता, तेनीच तेका पयल्या कामाक लावचा. उद्या पूजा उठली की पयलो घाव तुमी घालूचो. तवसर तुमका खंय जावक मेळाचा ना." म्हणजे उद्यापर्यंत माझी सुटका नव्हती! त्या घरात ह्यालाही रीत होती. कधीतरी कुणीतरी माझ्यासारखाच वेंधळेपणा केला असणार. त्या विचाराने मला जरा धीर आला.

दुपारी जेवणं कशीबशी उरकली. रामनाथ परत आले होते, पण लोहारसाळेच्या पायरीवर बसून होते. मी म्हटलं, घोळ मी घातलाय, निस्तरायचा पण मीच. गेले आणि त्यांच्या शेजारी बसले. मनात मी माफीचं भाषण जुळवलं होतं. त्यांनी मला बोलूच दिलं नाही.

"बाई, एक विचारतंय. घडयणाऱ्याक पाप लागता?"

मग त्यांनी सांगितलं. काही वर्षांपूर्वी शेजारच्या गावात दोन भावांचं बांधावरून भांडण झालं आणि एकाने दुसऱ्यावर कोयता चालवला. तो कोयता रामनाथांच्या हातचा, जेमतेम आठवड्यापूर्वी नेलेला. पोलिसांनी ओळखायला बोलावलं. "माका पयल्याच नजरेक कळला. आपल्या चेडवाक ओळखुक कितको वेळ लागता?" ते म्हणाले. चेडू म्हणजे मुलगी. मेलेला माणूस त्यांच्या ओळखीचा होता, गणपतीत घरी यायचा. तेव्हापासून गावात कुणी तोंडावर बोललं नाही, पण वैदेहीला पहिलं स्थळ आलं ते हे कानावर पडताच परत फिरलं. मुलाच्या आईने निरोप धाडला होता की खुनाचा कोयता घडवणाऱ्याच्या घरची मुलगी नको.

"म्हणजे तुम्ही सहा महिने..."

"तुमका सांगूक होया ह्या माका कळत होता. सांगल्याशिवाय हो म्हणला तर ती फसवणूक. आनी सांगला तर तुमी पण जातलात. चेडू परत रडतला." त्यांनी हातातली काडी मोडली. "आनी आज तुमी तसोच कोयतो हातात घेवन तीच गोष्ट काडल्यात. माका वाटला, देवानच विचारला."

मला आधी रडू आलं आणि मग हसू, आणि हसू काही केल्या आवरेना. रामनाथ दचकून बघायला लागले. अहो, हसू नको तर काय! हा माणूस एका खुनासाठी आमच्यापासून तोंड लपवत होता आणि आम्ही शेकडो खुनांसाठी त्याच्यापासून! निखिल तिकडे मला गप्प करत होता, इकडे हे स्वतःला. मी म्हटलं, "मेस्त, मुलगी द्यायची तर आमच्या घरात द्या. तुमच्या कोयत्याला घाबरायचं नाही असं घर तुम्हाला दुसरं मिळायचं नाही."

त्यांच्या ओठांचा कोपरा हलला. पण प्रश्न अजून तिथेच होता. मग मी त्यांना माझं पुस्तक सांगितलं, म्हणजे त्यातलं जेवढं सांगण्यासारखं होतं तेवढं. कुठे पिस्तुलाने मारतात, कुठे फुटक्या बाटलीने, कुठे दगडाने, कुठे नुसत्या हाताने. "इतकी वर्षं कोर्टात उभी राहिले. हे हत्यार कुणाच्या हातात होतं, हे प्रत्येक वेळी विचारलं गेलं. कुणी घडवलं, असं एकाही न्यायाधीशाने विचारलं नाही. एकीला तर उशीने मारली होती. आता उशीत कापूस भरणाऱ्या पिंजाऱ्याला काय म्हणायचं?"

रामनाथांनी मोडलेली काडी फेकून दिली. "पिंजारी धार काडना नाय, बाई. मी काडतंय. आनी काडताना माका बरा वाटता."

 इतकं खरं बोलणाऱ्या माणसाला उगाच थातूरमातूर सांगायला माझी जीभ वळेना.  समोरच्या माडावर एक पोपटांचा थवा येऊन कचाकचा भांडायला लागला, आम्ही दोघं तेच बघत बसलो. शेवटी सुलभाताई चहा घेऊन आल्या आणि आम्हा दोघांना शेजारी शेजारी बसलेलं बघून त्यांनी कपातला चहा जवळजवळ सांडलाच.

इब्रामपूर, दसरा

सकाळी उत्तरपूजा झाली, झोपलेली हत्यारं जागी झाली, आणि माझी पाळी आली. परसात केळीचा घड तयार होता. तो माझ्या हाताने उतरवायचा आणि देवापुढे ठेवायचा. शेजारपाजारचेही जमले, बातमी पोचली असणारच. एकाने तर बसायला खुर्ची आणली होती.

मी कोयता उचलला. रामनाथ बघत होते. "अशे न्हय, बाई! ती सुरी न्हय." मी तो शवविच्छेदनाच्या सुरीसारखा, बोट पाठीवर ठेवून धरला होता. दुसऱ्याच्या हातचा घाव वाचण्यात माझा जन्म गेला, स्वतः कोयत्याने मी आजवर कणीस सोडून काही तोडलं नव्हतं. त्यांनी माझी बोटं मुठीवर एकेक करून बसवली. "जोर लावूचो नाय. कोयत्याक जावंक दी. तो आपणच जाता."

मी डोळे मिटले. "उघडे ठेव गो!" सुलभाताई किंचाळल्या. मी डोळे उघडून हात सोडला. काही लागल्यासारखं वाटलंच नाही. मला वाटलं हुकला. तेवढ्यात अख्खा घड निखिलच्या पावलावर आदळला आणि तो एका पायावर असा नाचला की परसभर हशा पिकला. वैदेही हसता हसता त्याच्या खांद्याला धरून उभी राहिली. दोन दिवसांत पहिल्यांदा ती हसली.

घड देवापुढे ठेवला, नारळ फोडला, आणि रामनाथ गाऱ्हाणं घालायला उभे राहिले. आमच्याकडे देवाजवळ जे मागायचं ते मनातल्या मनात. इथे गाऱ्हाणं घालणारा चारचौघांत मोठ्याने मागतो आणि प्रत्येक मागण्याला सगळ्यांनी "व्हय महाराजा" म्हणून देवाकडून होकार वदवून घ्यायचा. मला हे फार पटलं. साक्षीदार असलेले बरे.

त्यांनी घरादाराचं, गुराढोरांचं, पिकाचं मागितलं. मग थांबले आणि माझ्याकडे वळले. "हत्यारांचा गाऱ्हाणा बाईंनी घालूचा. मी एकच बाजू बघली. तेंनी दुसरी बघली आसा."

शेजारच्या म्हाताऱ्यांनी एकमेकांकडे बघितलं, बाईमाणसाने गाऱ्हाणं? पण मेस्ताच्या अंगणात मेस्ताचा शब्द. मी उठून देवापुढे उभी राहिले.  तोंड उघडलं आणि आपोआप येत गेलं.

"देवा महाराजा! जगात जिथं जिथं कोयता आहे, तो उसावर, नारळावर, केळीवर चालू दे."

"व्हय महाराजा!"

"कुऱ्हाड लाकडावरच पडू दे, आणि इंग्लंडातल्या सुऱ्या बटाट्यावर."

"व्हय महाराजा!" इथे पोरं खिदळली.

"दगड भिंतीत बसू देत, उशी डोक्याखाली राहू दे. रागाच्या वेळी कुणाच्या हाताशी काही लागू नये, आणि लागलं तर हात मधेच थांबावा."

"व्हय महाराजा!"

"आणि देवा, ती पिस्तुलं..." इथे मी अडकले. पिस्तुलाला दुसरं काय काम द्यायचं ते मला सुचेना.

"तेंका गंज चडू दी, महाराजा!" रामनाथांनी मागून आवाज दिला. लोहाराने गंज मागितला! परसातल्या सगळ्यांनी छपराची कौलं हलतील असा होकार दिला.

मी बसणार, तर रामनाथ पुढे आले. हात जोडलेले, डोळे मिटलेले. "आनी देवा महाराजा, जो गेलो, तेचा नाव घेवक माका अजून धीर नाय. माझ्या हातच्यान गेलो. तेच्या बायलपोरांक सुखात ठेव."

 त्या गावात हे आजवर कुणी मोठ्याने बोललंच नव्हतं. मग मी म्हटलं, जमेल तितक्या मोठ्याने, "व्हय महाराजा." माझ्यामागून खुर्ची आणणारा शेजारी म्हणाला. मग सगळे म्हणाले.

रामनाथ डोळे पुसत होते. निखिल माझ्या कानाशी कुजबुजला, "आत्या, अख्ख्या जगाचं मागितलंस. आमचं?" अगं बाई! ज्यासाठी आले ते विसरलेच होते. मी घाईने उठायला लागले, तर रामनाथांनी हाताने मला खाली बसवलं.

"आनी एक रवला, महाराजा. हे आमचा एकुलता एक चेडू. घाटार दितंय. थंय तेका कोणी माझ्यावरसून बोलाचो नाय, हो विश्वास माका आज इलो. तेचो संसार सुखाचो कर."

सगळ्यांच्या आधी, सगळ्यांपेक्षा मोठ्याने, "व्हय महाराजा!" म्हणून ओरडली ती वैदेही. आणि मग स्वतःच्याच आवाजाने लाजून तिने बापाच्या पाठीत तोंड लपवलं.